पित्याच्या उराशी, लोहाराच्या भट्टीशी

उत्तर इंग्लंडमधील लँकेशायर आणि यॉर्कशायर या परगण्यांच्या बोलीत 'बार्मस्किन' असा एक शब्द होता. लोहार, चांभार, कातडी कमावणारे, लाकडी पिंपे घडविणारे असे कारागीर काम करताना अंगापुढे जो कातड्याचा एप्रन बांधीत, त्याचे हे नाव. आता तो जुन्या बोलीकोशांच्या पानांतच भेटतो. ज्या कारखान्यांनी आणि यंत्रांनी ते व्यवसाय गिळले, त्यांनी त्या व्यवसायांचे शब्दही गिळले.

असा एक विस्मृत, परका आणि धुराने काळवंडलेला शब्द आपल्या त्रैमासिकात कशासाठी, असा प्रश्न वाचकांच्या मनात उभा राहील. आम्हांलाही प्रथम तसेच वाटले होते. परंतु या शब्दाचा माग काढीत आम्ही मागे मागे गेलो, तेव्हा लोहाराच्या भट्टीपासून निघालेली ही वाट थेट संत योहानाच्या शुभवर्तमानाच्या पहिल्या अध्यायाशी जाऊन थांबली. त्या प्रवासाची ही हकिकत आहे.

शब्दाची फोड

'बार्मस्किन' हा जोडशब्द आहे. त्याचे उत्तरपद 'स्किन' म्हणजे कातडे. हे पद मूळचे इंग्रजी नव्हे. नवव्या आणि दहाव्या शतकांत डेन्मार्क-नॉर्वेकडून आलेल्या लोकांनी उत्तर इंग्लंडात वस्ती केली, त्यांच्या भाषेतून ते आले. अस्सल जुना इंग्रजी शब्द 'फेल' हा होता, आणि दक्षिणेकडे 'बार्मफेल' असाही शब्द त्याच अर्थाने चालत असे.

पूर्वपद 'बार्म' हे मात्र खास लक्ष देण्याजोगे आहे. इंग्रजीत 'बार्म' असा दुसराही एक शब्द आहे. त्याचा अर्थ मद्यावरचा फेस, पाव फुगविण्याचे खमीर. त्याचा येथे काहीही संबंध नाही. आपला 'बार्म' जुन्या इंग्रजीत 'बेआर्म' असा होता आणि त्याचा अर्थ ऊर, कूस, मांडी, ओटी असा होता. आई मूल जेथे धरते ती जागा म्हणजे 'बेआर्म'. वस्त्राच्या ज्या घोळात माणूस धान्य घेतो, तो घोळही 'बेआर्म'. 'बेओवुल्फ' या प्राचीन महाकाव्यात स्किल्ड राजाचा मृतदेह सागरावर सोडण्यासाठी नौकेत ठेवतात, तेव्हा कवीने नौकेच्या पोटालाही हाच शब्द योजला आहे.

बहुतेक भाषाशास्त्रज्ञ या शब्दाचे मूळ 'वाहणे, धारण करणे' या अर्थाच्या धातूत पाहतात. इंग्रजीतील 'बेअर' हे क्रियापद त्याच धातूचे; उत्तर इंग्लंडात आणि स्कॉटलंडात मुलाला म्हणतात तो 'बेर्न' हा शब्दही त्याचाच. संस्कृतातील 'भृ' हा धातू त्यांचा सख्खा भाऊ आणि आपल्या मराठीतील 'भार' व 'भरणे' ही त्याचीच लेकरे. म्हणजे जी धारण करते ती कूस, जे धारण केले जाते ते मूल आणि जो वाहावा लागतो तो भार, ही सारी एकाच घरातली मंडळी आहेत. आपल्याकडे ओटी 'भरतात', हेही येथे आठवावे.

तेव्हा 'बार्मस्किन' याचा शब्दशः अर्थ 'उरावरचे कातडे' किंवा 'ओटीवरचे कातडे' असा होतो.

शुभवर्तमानातील ऊर

ग्रीक भाषेत लिहिलेल्या नव्या करारात 'कोल्पॉस' असा एक शब्द येतो. त्याचा अर्थ ऊर. वस्त्राचा उरावर पडणारा घोळ. आणि सागराचा जमिनीत शिरलेला घोळ, म्हणजे आखात. संत जेरोमच्या लॅटिन भाषांतरात त्याच्या जागी 'सिनुस' हा शब्द आहे आणि त्यालाही हेच तिन्ही अर्थ आहेत. सेमिनरीत आम्ही हे शब्द पाठ केले, परीक्षेत लिहिले आणि पुढे विसरलो. त्यांच्या पोटात केवढे धन आहे, हे तेव्हा उमगले नव्हते.

इ. स. १०००च्या सुमारास इंग्लंडात चारही शुभवर्तमानांचे लॅटिनमधून तत्कालीन इंग्रजीत भाषांतर झाले. दक्षिण-पश्चिमेकडील वेसेक्स राज्याच्या बोलीत असल्यामुळे ते 'वेस्ट सॅक्सन शुभवर्तमाने' या नावाने ओळखले जाते. त्याच्या भाषांतरकाराला 'सिनुस'साठी आपल्या भाषेतला शब्द हवा होता. त्याने 'बेआर्म' हा घरातला शब्द उचलला.

तो कोठे कोठे योजला आहे, ते पाहावे. संत लूकच्या सहाव्या अध्यायात प्रभू येशू सांगतो की द्या म्हणजे तुम्हांलाही दिले जाईल, आणि ते शिगोशीग भरलेल्या मापाने. ते माप जेथे ओतले जाते ती जागा जुन्या इंग्रजीत 'बेआर्म' आहे. आपल्या प्रचलित मराठी भाषांतरात तेथे 'पदर' आहे. संत योहानाच्या तेराव्या अध्यायात, अखेरच्या भोजनाच्या वेळी, प्रिय शिष्य येशूच्या उराशी टेकून बसलेला आहे. तेथेही 'बेआर्म' आहे. आणि योहानाच्या पहिल्या अध्यायाच्या अठराव्या वचनात, ज्याने देवाला प्रकट केले तो एकुलता एक पुत्र पित्याच्या उराशी आहे. ते पित्याचे ऊर म्हणजेही 'बेआर्म'च.

हे त्या भाषांतरकाराचेच धाडस होते असेही नाही. त्याच्याही सहा शतके आधी, चौथ्या शतकात, गॉथ लोकांचा बिशप वुल्फिला याने बायबलचे गॉथिक भाषेत भाषांतर केले. वुल्फिला आरियन मताचा होता हे खरे; तथापि जर्मन कुळातील भाषांत एवढे जुने बायबल दुसरे नाही. त्याची सहाव्या शतकातील एक प्रत जांभळ्या चर्मपत्रावर चांदीच्या व सोन्याच्या अक्षरांत लिहिलेली असून ती स्वीडनमधील उप्साला विद्यापीठात जपून ठेवलेली आहे. गरीब लाझर मरण पावल्यावर देवदूतांनी त्याला अब्राहामाच्या उराशी नेले, असे संत लूक सांगतो. गॉथिक भाषांतरात ते अब्राहामाचे ऊर 'बार्म' आहे. ज्याच्या फोडांना कुत्रे चाटत होते, त्याला अखेर जागा मिळाली ती या शब्दात.

मठातले हस्तलिखित आणि लोहाराचे कातडे

पुढील शतकांत या शब्दाचे नशीब फिरले. चौदाव्या शतकाच्या अखेरीस विक्लिफच्या अनुयायांनी बायबलचे नवे इंग्रजी भाषांतर केले, तेव्हा पित्याच्या उरासाठी त्यांनी 'बुझम' हा शब्द घेतला आणि पुढे तोच रूढ झाला. 'बार्म' मागे पडू लागला.

परंतु तो एकदम मेला नाही. त्याच काळातील महाकवी चॉसरच्या 'कँटरबरी टेल्स'मध्ये तो जिवंत आहे. संत थॉमस बेकेटच्या समाधीकडे निघालेल्या यात्रेकरूंनी सांगितलेल्या कथांचा हा ग्रंथ. त्यात सोशिक ग्रिसेल्डा आपले हिरावले जाणारे बाळ जेथे घेते तो 'बार्म'. तुरुंगात उपाशी मरणारे उगोलिनोचे लेकरू पित्याच्या ज्या कुशीत पडते तोही 'बार्म'. आणि त्याच ग्रंथात एका सुताराची तरुण बायको कमरेला पांढरेशुभ्र 'बार्मक्लॉथ' बांधते. म्हणजे त्या काळी एकच शब्द मायेच्या कुशीलाही होता आणि कामाच्या एप्रनलाही, आणि त्यात कोणाला विसंगती वाटत नव्हती.

पंधराव्या शतकात उतरवून ठेवलेली एक अनामिक कविताही प्रसिद्ध आहे. रात्रभर चालणाऱ्या लोहारांच्या घणांनी झोप उडालेला कवी चिडून त्यांचे वर्णन करतो; घणांचा आवाजही त्याच्या शब्दांतून ऐकू येतो. त्या लोहारांनी बैलाच्या कातड्याचे 'बार्मफेल' बांधले आहेत असे तो सांगतो. ही कविता ज्या हस्तलिखितात सापडली ते नॉर्विच येथील बेनेडिक्टाइन मठाच्या ग्रंथसंग्रहातले. लोहारांचे कातडे आज आपल्याला माहीत आहे ते मठात जपलेल्या त्या पानामुळे.

हे कातडे कशासाठी, तेही सांगितले पाहिजे. तापलेल्या लोखंडावर घण पडला की ठिणग्या उडतात. कापडावर पडलेली ठिणगी धुमसत राहते, पेट घेते. जाड कमावलेल्या कातड्यावर ती विझून जाते. घोड्याला नाल ठोकणारा लोहार जनावराचा पाय आपल्या मांड्यांत धरतो. म्हणून त्याचा एप्रन मध्ये उभा चिरलेला असतो, म्हणजे दोन्ही मांड्यांवर स्वतंत्र आवरण राहते. चांभार मांडीवर दगड घेऊन त्यावर कातडे ठोकतो. सोनार तर आपल्या कामाच्या मेजाखाली, मांडीशी, कातड्याची झोळी बांधतो; कानशीने घासताना पडणारा सोन्याचा कण न् कण तिच्यात साठतो. लूकच्या शुभवर्तमानातला भरलेला पदर याहून वेगळा तो काय?

तेव्हा कारागिराच्या अंगावरची ही जागा, जिला ठिणग्या झेलाव्या लागतात, जनावराच्या लाथेचे भय सोसावे लागते आणि जिच्यात श्रमाचे फळ पडते, तिलाच जुन्या इंग्रजांनी 'बार्म' म्हटले. ग्रंथांची भाषा नवी झाली. नगरवासी लोक एप्रनला 'एप्रन' म्हणू लागले. हा शब्दही मजेदार आहे. तो मूळचा 'नॅप्रन', फ्रेंचमधून आलेला. बोलताना आरंभीचा 'न' आधीच्या उपपदाला चिकटला आणि 'एप्रन' उरला. आपल्या 'नारिंगा'चाही 'न' युरोपात असाच हरवला आणि 'ऑरेंज' झाले. परंतु उत्तरेकडील भट्ट्यांतून आणि चांभारांच्या दुकानांतून 'बार्मस्किन' टिकून राहिले. विद्वानांच्या ओठांवरून गेलेला शुभवर्तमानातला शब्द कष्टकऱ्यांच्या अंगावर शेकडो वर्षे राहिला.

निरक्षर मुलाचा कोश

हा शब्द आपल्यापर्यंत ज्यांच्यामुळे पोहोचला, त्यांत जोसेफ राइट यांचे नाव अग्रभागी आहे. त्यांचा जन्म १८५५ साली यॉर्कशायरमधील ब्रॅडफर्डजवळच्या थॅकली या खेड्यात झाला. सहाव्या वर्षी ते एका दगडखाणीत गाढवाची गाडी हाकू लागले. खाणकामगारांची बोथटलेली हत्यारे लोहाराकडे न्यायची आणि धार लावून परत आणायची, हे त्यांचे काम. रोज भट्टीपाशी जाणाऱ्या त्या पोराने कातड्याचे एप्रन पुष्कळ पाहिले असतील.

सातव्या वर्षी ते सॉल्टेअर येथील मोठ्या गिरणीत सूतकताईच्या खात्यात लागले आणि पुढे लोकर निवडण्याचे काम करू लागले. पंधरा वर्षांचे होईपर्यंत त्यांना वाचता येत नव्हते. १८७० साली फ्रान्स आणि प्रशिया यांच्यात युद्ध पेटले. जेवणाच्या सुट्टीत एक सोबती वर्तमानपत्र मोठ्याने वाची. ते ऐकून आपल्यालाही वाचता आले पाहिजे, अशी ओढ त्यांना लागली. बायबल आणि बन्यनचे 'पिलग्रिम्स प्रोग्रेस' ही त्यांची पहिली पाठ्यपुस्तके. मग रात्रशाळा, मग फ्रेंच, जर्मन, लॅटिन. १८७६ साली शिलकीचे चाळीस पौंड घेऊन ते जर्मनीतील हायडेलबर्ग विद्यापीठाकडे निघाले. पैसे वाचविण्यासाठी अँटवर्पपासून पुढची वाट त्यांनी पायी तुडवली. १८८५ साली त्याच विद्यापीठाने त्यांना डॉक्टरेट दिली. पुढे १९०१ साली ते ऑक्सफर्डमध्ये तौलनिक भाषाशास्त्राचे प्राध्यापक झाले. ऋग्वेदाच्या संपादनामुळे आपल्याकडे सर्वांना ठाऊक असलेले मॅक्स म्युलर हे त्या पदावरील त्यांचे पूर्वसूरी.

राइट यांनी १८९२ या एकाच वर्षी दोन पुस्तके प्रसिद्ध केली. एक गॉथिक भाषेची प्रवेशिका, म्हणजे वुल्फिलाच्या बायबलची भाषा शिकविणारी. दुसरे विंडहिल या आपल्या परिसरातील खेड्याच्या बोलीचे व्याकरण. एका हाती चांदीच्या अक्षरांतले शुभवर्तमान, दुसऱ्या हाती गिरणीतली बोली. पुढे १८९८ ते १९०५ या काळात त्यांनी इंग्रजी बोलींचा सहा खंडांचा कोश काढला. त्यात 'बार्मस्किन' आहे.

त्या काळी सुशिक्षितांच्या दृष्टीने बोली म्हणजे बिघडलेले इंग्रजी होते. शाळेत ते बोलणाऱ्याला शिक्षा होई. राइट यांच्या कोशाने वेगळीच गोष्ट उघड केली. जे बिघडलेले म्हणून हिणविले जात होते, ते पुष्कळदा ग्रंथभाषेहून जुने होते. कातड्याच्या एप्रनमध्ये शुभवर्तमानातले ऊर लपलेले आहे, हे ओळखायला दोन्ही भाषा येणारा माणूस हवा होता, आणि तो खाणीतून व गिरणीतून आला. त्यांच्या विद्यार्थ्यांत पुढे जगप्रसिद्ध झालेला एक कॅथलिक तरुण होता, जे. आर. आर. टॉल्किन, शाळकरी वयात राइट यांची गॉथिक प्रवेशिका हाती पडल्यामुळे त्याला जुन्या भाषांचे वेड लागले होते.

राइट यांनी ऑक्सफर्डमधील आपल्या घराला 'थॅकली' हे आपल्या खेड्याचेच नाव दिले होते. १९३० साली तेथेच त्यांचा मृत्यू झाला.

कमरेला बांधलेले फडके

येथे आम्हांला एक जुनी गोष्ट सांगितली पाहिजे. सांगताना संकोच वाटतो. नुकतीच दीक्षा झाली होती आणि आम्ही एका धर्मग्रामात साहाय्यक होतो. एके रविवारी संध्याकाळच्या मिस्साच्या वेळी लोहारकाम करणारा एक गृहस्थ कामावरून थेट आला आणि देवळाच्या दाराशी उभा राहिला. अंगावर काजळी, पुढे मळकट गोणपाट बांधलेले. आम्ही मोठ्या उत्साहाने, आणि आमच्या मते प्रेमाने, त्याला म्हणालो, "काका, घरी जाऊन कपडे बदलून या; देवाच्या घरी येतो आहोत आपण." तो "होय, फादर" म्हणाला आणि गेला. त्या संध्याकाळी तो परत आला नाही. पुढेही कित्येक रविवार दिसला नाही.

त्या वेळी आम्ही योहानाचा तेरावा अध्याय शेकडो वेळा वाचलेला होता. त्या अध्यायात आरंभीच प्रभू येशू भोजनावरून उठतो, बाह्यवस्त्र काढून ठेवतो, कमरेला एक फडके बांधतो आणि शिष्यांचे पाय धुऊ लागतो. घरातल्या दासाचे ते काम आणि दासाचाच तो वेश. त्यानंतर थोड्याच वचनांनी प्रिय शिष्य त्याच्या उराशी टेकतो. ज्या उराशी तो टेकला, ते नुकतेच कामावरून उठलेल्या माणसाचे ऊर होते. दारात गोणपाट बांधून उभा असलेला आमचा लोहार आणि हा प्रभू, यांत आम्हांला कोणाला ओळखता आले नाही, याचा विचार वाचकांनीच करावा.

संत पौल तंबू बनविण्याचा धंदा करी, हे आपण जाणतो. एफिससमध्ये त्याच्या अंगावरचे रुमाल आणि कामाचे एप्रन लोक आजाऱ्यांकडे नेत आणि आजारी बरे होत, असे 'प्रेषितांची कृत्ये' या ग्रंथाच्या एकोणिसाव्या अध्यायात लिहिले आहे. तेथला ग्रीक शब्द लॅटिनमधून आलेला असून त्याचा अर्थच कमरेपुढे बांधायचे अर्धे वस्त्र, असा होतो. लोकांनी पौलाचा झगा मागितला नाही. कामाच्या घामाने भिजलेले फडके मागितले.

इटलीतील मोल्फेत्ताचे बिशप टोनिनो बेल्लो (१९३५-१९९३) हे ख्रिस्तसभा ही 'एप्रन बांधलेली ख्रिस्तसभा' व्हावी असे आग्रहाने सांगत. इटालियनमध्ये एप्रनला 'ग्रेंब्यूले' म्हणतात आणि तो शब्द 'ग्रेंबो' म्हणजे कूस, मांडी, यावरून बनला आहे. दोन भाषांनी एकमेकींना न विचारता एकच नाते जोडले. २०२१ साली ख्रिस्तसभेने बेल्लो यांना 'पूजनीय' म्हणून घोषित केले.

'बेआर्म' या शब्दाचा हा प्रवास वरून खाली झाला, असे एखाद्याला वाटेल. पित्याच्या उरापासून आरंभ झाला आणि काजळीने माखलेल्या कातड्याशी शेवट. परंतु योहानाच्या शुभवर्तमानाची वाटही हीच आहे. पहिल्या अध्यायात जो पित्याच्या उराशी आहे, तोच तेराव्या अध्यायात कमरेला फडके बांधून वाकलेला आहे. तेथे त्याचे वैभव कमी झाले असे योहान म्हणत नाही. उलट आता मनुष्यपुत्राचे गौरव झाले आहे, असे त्याच अध्यायात प्रभूच्या तोंडून ऐकू येते.

आपल्या घरांतूनही असे काही शब्द असतील. आजोबांच्या हत्याराचे नाव असेल, आजीच्या ओटीतल्या एखाद्या वस्तूचे नाव असेल. शाळेत शिकलेली मुले ते उच्चारायला लाजत असतील. ते 'अशुद्ध' म्हणून टाकून देण्यापूर्वी एकदा वडीलधाऱ्यांना विचारावे आणि वहीत लिहून ठेवावे.

आणि देवळाच्या दाराशी कोणी कामाच्या कपड्यांत उभा दिसला, तर त्याला आत घ्यावे. आमचा तो लोहार पुष्कळ दिवसांनी परत आला, तेव्हा त्याने स्वच्छ पांढरा सदरा घातला होता आणि तो सर्वांत मागच्या बाकावर बसला. आम्ही त्याची क्षमा मागायला हवी होती. ती मागण्याचे धैर्य आम्हांला झाले, तोवर तो अब्राहामाच्या उराशी गेलेला होता.